आमची वाटचाल: होल मारण्यापासून नियंत्रित ब्लास्टिंगपर्यंत

आमच्या फर्मची सुरुवात स्फोटकांपासून झाली नाही. एक कॉम्प्रेसर, दोन जॅकहॅमर आणि ते चालवणारी मोजकी माणसं एवढ्या भांडवलावर आम्ही दगडखाणींत आणि पायाच्या खोदकामांवर होल मारून द्यायचो. दारू भरणं आणि बार उडवणं हे दुसऱ्यांचं काम. आपली यंत्रं उचलायची, लांब जाऊन उभं राहायचं आणि भोंगा झाला की कान झाकून बघायचं, एवढाच आमचा त्याच्याशी संबंध.

पण बघता बघता एक गोष्ट ध्यानात आली. त्याच खडकात, तेवढीच दारू भरून, एका ब्लास्टरचा दगड समोर नीट ढीग होऊन पडायचा आणि दुसऱ्याचे धोंडे आकाशात जायचे. फरक दारूचा नव्हता. होल किती तिरकं गेलं, खडकाच्या मोकळ्या तोंडापासून ते किती मागे होतं, वरची ठासणी, म्हणजे दारूवर होलाच्या तोंडाशी ठासलेला भराव, बारीक भुकटीची होती की कोनेदार खडीची, यातच सगळं होतं. कोनेदार खडी होलात अडकून बसते आणि वायूला खडक फोडायला लावते. भुकटी मात्र बंदुकीच्या गोळीसारखी वर निघून जाते आणि वायूचं बळ वाया जातं. म्हणजे ब्लास्टिंगचं निम्मं यश आमच्या ड्रिलवर ठरत होतं. उरलेलं निम्मं शिकायचं, असं मी आणि माझ्या भागीदाराने तेव्हाच पक्कं केलं.

परवाना, कोठार, स्फोटकं नेणारी गाडी आणि प्रमाणपत्र असलेला ब्लास्टर हे सगळं जुळवण्यात बराच काळ गेला. तो काळ वाया गेला असं मी कधीच म्हणणार नाही, कारण या विषयातलं बहुतेक सगळं मी तेव्हाच वाचून काढलं.

पहिला धडा असा की सगळी स्फोटकं एका जातीची नसतात. काळी दारू जळते. फार झपाट्याने जळते, पण आग पदार्थातून ज्या वेगाने पुढे सरकते तो वेग त्या पदार्थातल्या ध्वनीच्या वेगापेक्षा कमीच असतो. टीएनटी किंवा इमल्शनमध्ये (अमोनियम नायट्रेटचं द्रावण आणि तेल घोटून केलेलं आजचं खाणीतलं स्फोटक) आघाताची लाट ध्वनीपेक्षा वेगाने धावते. टीएनटीत ती सेकंदाला सुमारे 6,900 मीटर जाते. काळी दारू दगड लोटते, ही दुसरी जात दगड चिरडते. म्हणूनच इमारतीसाठी अखंड, बिनतड्याच्या लाद्या काढायच्या असतील तिथे काळी दारू फार काळ टिकून राहिली, आणि खडी पाडायची तिथून ती केव्हाच हद्दपार झाली.

दुसरा धडा संवेदनशीलतेचा. लेड अझाइडसारखी प्राथमिक स्फोटकं ठिणगीने, घासण्याने, लहानशा ठोक्यानेही उडतात. त्यामुळे ती अगदी थोड्या प्रमाणात, डेटोनेटरच्या, म्हणजे मोठा स्फोट सुरू करून देणाऱ्या छोट्या टोपीच्या, नळीत बंद असतात. टीएनटी, आरडीएक्स, पीईटीएन ही दुय्यम. त्यांना जागं करायला दुसरा एक स्फोट लागतो. त्याहून मंद असतात ती अमोनियम नायट्रेटवर आधारलेली ब्लास्टिंगची मिश्रणं. त्यांना नुसता डेटोनेटर बहुधा पुरत नाही, मध्ये बूस्टर, म्हणजे डेटोनेटरचा धक्का वाढवणारा जोरदार स्फोटकाचा लहान तुकडा, लागतो. इटालियन रसायनशास्त्रज्ञ सोब्रेरोने 1847 मध्ये नायट्रोग्लिसरीन शोधलं आणि त्याच्या तापट स्वभावाने तो स्वतःच धास्तावला. आल्फ्रेड नोबेलने ते कामाला लावलं. 1864 मध्ये स्टॉकहोमच्या त्याच्या कारखान्यातल्या स्फोटात त्याचा धाकटा भाऊ एमिल गेला. लोकांना नोबेलचं 1867 चं डायनामाइट माहीत असतं. मला मात्र त्याआधीचा त्याचा डेटोनेटर जास्त मोठा वाटतो. छोट्या स्फोटाने मोठा स्फोट सुरू करायचा ही युक्ती सापडली, म्हणून तर मुख्य स्फोटक दिवसेंदिवस अधिक शांत बनवता आलं. आज आमच्या माणसांच्या हाती येणारा माल जो इतका थंड डोक्याचा आहे, त्याचं मूळ त्या नळीत आहे.

डोक्यावरून आठवलं. आमच्याकडे रुजू झालेल्या जुन्या ब्लास्टरकाकांना नायट्रोग्लिसरीन असलेल्या जिलेटिनच्या कांड्या हाताळल्या की कपाळ ठणकायचं. नायट्रोग्लिसरीन कातडीतून शिरतं आणि रक्तवाहिन्या रुंदावतं. हृदयविकारात छातीत कळ आली तर तेच औषध म्हणून जिभेखाली देतात. इमल्शन आलं आणि काकांची डोकेदुखी थांबली.

तिसरा धडा कोठाराचा, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा. धोकादायक मालाच्या वर्गवारीच्या संयुक्त राष्ट्रांच्या पद्धतीत स्फोटकं म्हणजे वर्ग 1. त्याचे सहा विभाग: 1.1 म्हणजे सगळा साठा एकदम उडण्याचा धोका, 1.2 म्हणजे तुकडे फेकले जाण्याचा, 1.3 म्हणजे मुख्यतः आगीचा, 1.4 म्हणजे फारसा धोका नाही, 1.5 म्हणजे जागं करायला अतिशय कठीण पण उडालं तर सगळं उडणारं, 1.6 त्याहूनही सुस्त. आकड्यापुढे एक अक्षर असतं आणि अशी तेरा अक्षरं आहेत. कोणी कोणाच्या शेजारी राहायचं ते हे अक्षर सांगतं. डेटोनेटर ‘बी’, कांड्या आणि इमल्शन ‘डी’. ही दोन एका खोलीत कधीही ठेवायची नाहीत. आमच्या कोठारात त्यांच्या खोल्या वेगळ्या, किल्ल्या वेगळ्या आणि नोंदवह्याही वेगळ्या.

नव्या माणसाची इथे एक ठरावीक चूक होते. डेटोनेटरच्या खोक्यावर 1.4 दिसलं की तो निर्धास्त होतो. ते वर्गीकरण नुसत्या वस्तूचं नसतं, वेष्टनात बांधलेल्या वस्तूचं असतं. तोच डेटोनेटर वेगळ्या बांधणीत 1.1 मध्ये जातो. खोक्यात तो एकटा उडाला तर शेजारच्याला उडवत नाही, एवढंच त्या 1.4 चं म्हणणं. खोक्यातून काढून मुठीत धरला की तोच बोटं नेतो. हे मी प्रत्येकाला स्वतः समजावतो, आणि त्याने मला ते उलट समजावून सांगितल्याशिवाय त्याला आत जाऊ देत नाही.

शेजार चुकला तर काय होतं, याचं उदाहरण शोधायला दूर जावं लागत नाही. 14 एप्रिल 1944 ला मुंबई बंदरात उभ्या असलेल्या ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजात सुमारे 1,400 टन दारूगोळा होता आणि त्याच जहाजात कापसाच्या गासड्या होत्या. आग कापसात लागली, दारूगोळ्यापर्यंत पोचली आणि जहाज उडालं. आणि सवय काय करते ते जर्मनीतल्या ओपाऊने दाखवलं. तिथल्या कारखान्यात अमोनियम नायट्रेट असलेल्या खताचा घट्ट झालेला ढिगारा डायनामाइट लावून मोकळा करत असत. हजारो वेळा काही झालं नाही. 21 सप्टेंबर 1921 ला झालं, आणि पाचशेहून अधिक माणसं गेली. 1947 मध्ये अमेरिकेतल्या टेक्सास सिटीत आणि 2020 मध्ये बैरूतमध्ये मोठे स्फोट झाले, दोन्हीकडे अमोनियम नायट्रेटच होतं. शुद्ध अमोनियम नायट्रेट वाहतुकीत वर्ग 1 मध्ये धरतही नाहीत. ते ऑक्सिडायझर, म्हणजे जळणाऱ्याला ऑक्सिजन पुरवणारा पदार्थ, म्हणून 5.1 या विभागात येतं, आणि म्हणूनच ते गोदामात खत म्हणून विसरलं जातं. आमच्याकडे त्याच्या आसपास डिझेल, लाकडी पॅलेट, जुनी पोती, काहीही ठेवू देत नाही.

परवाना आल्यावर पहिली कामं अर्थातच खाणीतली. खरी कसोटी लागली ती वस्तीजवळच्या एका पायाच्या खोदकामात. खडक कठीण, आणि कुंपणाला लागून जुनी घरं. आम्ही स्फोटाआधी प्रत्येक घराची पाहणी करून भेगांचे फोटो काढत होतो. एका घरातले आजोबा माझ्यामागे काठी टेकत टेकत फिरत होते. जिन्याखाली थांबून म्हणाले, “ही भेग जुनीच आहे हो, पण लिहून घ्या. उद्या सूनबाई तुमच्या नावाने खडे फोडेल.” मी भेगेच्या दोन्ही टोकांना पेन्सिलीने खूण केली, रुंदी मोजली आणि कागदावर त्यांची सही घेतली. “आणि आजोबा, भोंगा वाजला की घाबरू नका,” म्हटलं. ते म्हणाले, “घाबरत नाही. पण किती वाजता, ते सांगून जात जा.” तेव्हापासून वेळ आधी सांगणं हा आमच्या कामाचा भागच झाला.

त्या कामात आम्ही पहिल्यांदा भूकंपन मोजण्याचं यंत्र लावलं. जमिनीचा कण किती वेगाने हलतो ते ते मिलिमीटर प्रति सेकंदात सांगतं. अमेरिकेच्या खाण विभागाच्या 1980 च्या अभ्यासात 40 हर्ट्झच्या (सेकंदाला 40 हेलकाव्यांच्या) वरच्या कंपनांसाठी घरांची मर्यादा 50 मिमी प्रति सेकंद धरली आहे, तर मंद लयीच्या कंपनांत जुन्या गिलाव्याच्या घरांसाठी फक्त 12.7. माणसाला मात्र सेकंदाला एखाद्या मिलिमीटरचा थरारही सहज जाणवतो. भिंतीला काही होण्याच्या खूप आधी पोटात गोळा येतो, हे लोकांना आकडे दाखवून समजावता आलं की निम्मे वाद मिटतात. कंपन कमी करण्याचा मार्गही साधा आहे: एका क्षणी उडणारी दारू कमी करायची. होल एकामागोमाग एक, मिलिसेकंदांच्या अंतराने उडवायचे. 8 मिलिसेकंदांच्या आत उडणारे बार एकत्रच धरायचे असा जुना संकेत आहे, आम्ही अंतर त्याहून जास्तच ठेवतो. ढगाळ हवेत आवाज खाली वळून लांबवर जातो, म्हणून तशा दिवशी वस्तीजवळचा बार पुढे ढकलतो. ग्राहक कुरकुर करतो, करू दे.

पुढे विजेचे डेटोनेटर सोडून शॉक ट्यूबवर आलो. भटका विद्युतप्रवाह किंवा रेडिओ लहरी यांची धास्ती त्यामुळे बरीच कमी झाली. बारीक प्लास्टिकच्या नळीतून लाट सेकंदाला सुमारे 2,000 मीटर वेगाने जाते आणि नळी जशीच्या तशी राहते. वीज कडाडली तर मात्र कोणतीही पद्धत असो, भरलेली जागा सोडून सगळ्यांनी बाहेर यायचं. यावर आमच्याकडे चर्चा होत नाही.

स्फोट झाल्यावरचा वेळ सगळ्यात नाजूक. धूर पिवळट-नारिंगी दिसला तर त्यात नायट्रोजन डायऑक्साइड आहे. पाणी भरलेल्या होलांत पाण्यात न टिकणारं स्फोटक वापरलं की तो जास्त निघतो. छातीत गेल्यावर लगेच काही वाटत नाही, त्रास काही तासांनी सुरू होतो. म्हणून धूर पुरता विरेपर्यंत कोणी हलत नाही. मग एकटा ब्लास्टर जातो आणि ढिगाऱ्यात न उडालेला बार शोधतो. जुन्या होलाचा बुडखा उरला असेल तर त्यात पुन्हा ड्रिल घालायचं नाही. तळाशी दारू उरलेली असू शकते. वेळ वाचवायला तयार होल वापरण्याचा मोह ड्रिल चालवणाऱ्याला होतोच, आणि आम्ही स्वतः ड्रिलवाले असल्याने तो मोह चांगला ओळखतो. बुडख्यांवर लाल रंग फासल्याशिवाय नवी आखणी सुरू होत नाही.

स्फोटकांचा पसारा आमच्या कामापेक्षा फार मोठा आहे. तेलविहिरीच्या नळीला भोकं पाडणं, भूगर्भाचा शोध घेणं, डोंगरावरचा बर्फाचा कडा माणसं नसताना पाडून टाकणं, एरवी एकमेकांना न चिकटणारे पोलाद आणि टायटॅनियमचे पत्रे स्फोटाच्या दाबाने सांधणं, सगळीकडे ती आहेत. 5 एप्रिल 1958 ला कॅनडात सीमूर सामुद्रधुनीतल्या ‘रिपल रॉक’ या जहाजं फोडणाऱ्या पाण्याखालच्या खडकाचे सुळके एका स्फोटात उडवले. त्यासाठी समुद्राच्या तळाखालून बोगदे खणायला दोन वर्षांहून जास्त काळ लागला. स्फोटापेक्षा ही तयारी मला जास्त भावते.

आम्ही मात्र आमच्या आवाक्यातलीच कामं घेतो: खाणी, पाया, खंदक, रस्त्याची कटाई. बोगद्याच्या कामासाठी दोन तरुण ब्लास्टर सध्या प्रशिक्षण घेत आहेत. त्यांचं प्रमाणपत्र हाती येईपर्यंत ती कामं घेणार नाही. पाहणीत ब्लास्टिंग नकोच असं दिसलं, म्हणजे खडक थोडा आहे, भिंत हाताच्या अंतरावर आहे किंवा खाली गॅसची वाहिनी आहे, तर आम्ही ब्रेकर किंवा फुगून खडक तडकवणारी पावडर सुचवतो आणि ते काम करणाऱ्याचा पत्ता देतो. काम घेऊन येताना जागेचा नकाशा, सगळ्यात जवळच्या बांधकामाचं अंतर आणि जमिनीखालच्या वाहिन्यांची माहिती आणावी. खडकाचे नमुने असतील तर पहिल्याच भेटीत बरंच काही सांगता येतं.