पट तोच, सैन्य नवं

'ॲक्सिस अँड अलाइज' हा दुसऱ्या महायुद्धावरचा पटावरचा खेळ. त्याच्या '१९४२' नावाच्या डब्याच्या दुसऱ्या आवृत्तीत भारत हा ब्रिटनच्या हातातला तीन किमतीचा प्रदेश आहे. तिथे कारखाना आहे, म्हणून ब्रिटन खेळणाऱ्याला दर फेरीत भारतात तीन नवे मोहरे उभे करता येतात. उभे राहतात ते मात्र ब्रिटिश टॉमी. दुसऱ्या महायुद्धात भारतीय लष्करात पंचवीस लाखांच्या आसपास माणसं होती, आणि आमच्या पटावर खुद्द भारताच्या रक्षणाला एकही भारतीय नाही. मला हे खटकायचं. नवऱ्याला खटकत नव्हतं, कारण तो कायम जपान घेतो.

खेळ माहीत नसलेल्यांसाठी थोडक्यात: लॅरी हॅरिसने रचलेला हा खेळ १९८१ मध्ये पहिल्यांदा आला आणि १९८४ मध्ये मिल्टन ब्रॅडलीने काढल्यावर घरोघरी पोचला. जगाचा नकाशा, पाच सत्ता, भरपूर फासे आणि मूठमूठभर प्लॅस्टिकचं सैन्य. खेळातल्या पैशांत पायदळाचा मोहरा तीनला, तोफ चारला, रणगाडा सहाला, लढाऊ विमान दहाला, युद्धनौका वीसला. एक डाव सहज पाच तास खातो. नाशिकला, गंगापूर रोडवरच्या आमच्या घरी शनिवारी तो मांडला की रात्रीचं जेवण पावभाजीच्या वर जात नाही.

मला सगळा डबा बदलायचा नव्हता. भारतीय पायदळ, भारतीय तोफखाना, आणि जमलं तर रशियाचे रणगाडे, एवढंच हवं होतं.

परदेशात यासाठी तयार मिनी, म्हणजे मोहऱ्यांजोग्या छोट्या प्रतिकृती, मिळतात, प्लॅस्टिकच्याही आणि धातूच्याही. मी आधी थोडं पायदळ तिकडून मागवलं. मिनी सुरेख होत्या. हिशेब मात्र असा चालतो: शुल्क नुसत्या मालाच्या किमतीवर लागत नाही, टपालखर्च धरून जी रक्कम होते तिच्यावर लागतं. मग ते शुल्क मिळवून आलेल्या बेरजेवर आयजीएसटी, म्हणजे आयातीवरचा जीएसटी. वर कुरिअरवाल्याचे हाताळणीचे पैसे, आणि आधार-पॅनची कागदपत्रं अपलोड होईपर्यंत पार्सल मुंबईत पडून. खेळणी आयात करून विकणाऱ्या दुकानदारांचं तर आणखी अवघड. खेळण्यांवरचं मूळ सीमाशुल्क २०२० च्या अर्थसंकल्पात २० टक्क्यांवरून ६० झालं, २०२३ मध्ये ७०, आणि १ जानेवारी २०२१ पासून बीआयएसचा, म्हणजे भारतीय मानक ब्युरोचा, शिक्का बंधनकारक. त्यामुळे इथल्या दुकानांत असले सुटे मोहरे शोधत बसण्यात अर्थ नाही.

न्यू जर्सीचा मामेभाऊ म्हणाला, "ताई, गिफ्ट म्हणून पाठवतो, काही लागणार नाही." तो जमाना गेला. डिसेंबर २०१९ पासून टपालाने किंवा कुरिअरने 'भेट' म्हणून शुल्क न भरता वस्तू मागवणं बंद आहे. सवलत उरली आहे ती दोनच गोष्टींना, जीवरक्षक औषधं आणि राखी. राखीबरोबरची भेटवस्तूसुद्धा त्यात बसत नाही. हा नियम लिहिणाऱ्याच्या घरी बहीण असणार, याबद्दल मला शंका नाही.

मग थ्रीडी प्रिंटिंग. पण त्याआधी मापाचा घोळ निस्तरावा लागतो, आणि सगळ्यात जास्त डोकं इथेच चालवावं लागतं. या खेळाच्या डब्यात कुठलीच गोष्ट एका प्रमाणात नसते. सैनिक रणगाड्याच्या बरोबरीने उभा, विमान युद्धनौकेएवढं. हॉबीवाल्यांच्या १:७२ या लोकप्रिय मापात, म्हणजे खऱ्याच्या बहात्तराव्या हिश्शात, पावणेसहा फुटी माणूस २४ मिलिमीटरचा होतो. पटावर तो राक्षस दिसतो, आणि छोट्या प्रदेशांत असे चार मावतही नाहीत. १:१०० मध्ये तोच माणूस साडेसतराचा. तो बसतो. रणगाड्यांना मात्र १:१०० चालत नाही. रशियाच्या टी-३४ रणगाड्याचा सांगाडा सहा मीटरच्या आसपास, म्हणजे साठ मिलिमीटर, अर्धा युक्रेन झाकून टाकेल. त्याला १:२८५ हवं, मग तो एकवीस मिलिमीटरचा होतो. थोडक्यात, माणूस एका मापाचा, रणगाडा दुसऱ्याच. शुद्धतावादी नाक मुरडतील, मुरडू देत. मूळ खेळानेही तेच केलंय.

छापायच्या मोहऱ्यांच्या संगणकी फाइली विकत मिळतात, काही फुकटही. त्यांचा परवाना वाचून घ्या. बहुतेकांवर 'स्वतःच्या वापरापुरतं' असं लिहिलेलं असतं; छापून विकायचं असेल तर वेगळा परवाना लागतो. पगडीवाले शीख आणि गुरखा टोपीवाले जवान लगेच सापडले. माझा शोध मराठा लाइट इन्फंट्रीसाठी होता. १९४४ मध्ये यशवंत घाडगे आणि १९४५ मध्ये नामदेव जाधव, दोघांनाही इटलीतल्या लढाईसाठी व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला, दोघंही याच रेजिमेंटचे. पण पोलादी टोपातला मराठा साडेसतरा मिलिमीटरमध्ये ओळखायचा कशावरून? रेजिमेंटची खूण दाखवायला तिथे जागाच नाही. शेवटी मी चारांत दोन पगडीवाले, एक गुरखा, एक टोपवाला असं ठरवलं. टोपवाला मराठा आहे, आणि ते आमच्या घरात सर्वांना माहीत आहे.

छपाईसाठी सातपूरला एक मुलगा सापडला. त्याचं मुख्य काम कारखान्यांना सुट्या भागांचे नमुने करून देण्याचं. फिलामेंटवाला, म्हणजे प्लॅस्टिकची तार वितळवून थर देणारा प्रिंटर या मापाला उपयोगाचा नाही, थरांच्या रेघा चेहऱ्यावरून जातात. रेझिनवाला, म्हणजे द्रव रेझिन प्रकाशाने घट्ट करणारा हवा, थर ०.०५ मिलिमीटरचा. त्याने पहिल्यांदा विचारलं, "मॅडम, हे हाताळणार आहात की शोकेसमध्ये ठेवणार?" फार योग्य प्रश्न. नेहमीचं रेझिन काचेसारखं ताठ असतं आणि बंदुकीची नळी पहिल्या शनिवारीच तुटते. म्हणून त्याने थोडं लवचिक रेझिन मिसळलं, आणि आम्ही बंदूक अंगाशी धरलेलेच सैनिक निवडले. हात लांबवून नेम धरणारे दिसतात रुबाबदार, टिकत नाहीत. एका मोहऱ्याला रेझिन ग्रॅमभरसुद्धा लागत नाही. पैसे जातात ते छापताना मोहऱ्याला दिलेले टेकू काढण्याच्या आणि धुण्याच्या मजुरीत, म्हणून ती कामं मी घरी घेतली.

घरी करणार असाल तर नायट्राइलचे हातमोजे घालाच. कच्चं रेझिन कातडीला लागत राहिलं तर ॲलर्जी जडू शकते. आयसोप्रोपिल अल्कोहोलमध्ये धुवायचं, नीट वाळवायचं, मग अतिनील प्रकाशात पक्कं करायचं. यासाठी वेगळं यंत्र विकतात, पण गच्चीतलं ऊन तेच काम चोख करतं. धुतलेलं अल्कोहोल बेसिनमध्ये ओतू नका. काचेच्या बरणीत उन्हात ठेवलं की विरघळलेलं रेझिन घट्ट होऊन तळाशी बसतं, मग वरचं पुन्हा वापरता येतं.

तोफखान्याची परीक्षा घेतली मैत्रिणीच्या वडिलांनी. ते देवळालीच्या तोफखान्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले, २८ सप्टेंबरला गनर्स डेच्या, म्हणजे तोफखान्याच्या दिवशी त्यांना फोन केला नाही तर वर्षभर ऐकावं लागतं. मी छापलेली पंचवीस पाउंडर, म्हणजे त्या युद्धातली ब्रिटिश तोफ, त्यांच्या तळहातावर ठेवली. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाले, "पोरी, हिच्या खालचा चक्का कुठाय?" या तोफेखाली एक गोल लोखंडी मंच असतो. तो जमिनीवर टाकून चाकं त्यावर चढवली की तोफ हवी त्या दिशेला पटकन फिरवता येते, आणि हीच तिची ओळख. चक्का असलेली फाइल शोधली. तीच गोल चकती मोहऱ्याची बैठकही झाली, म्हणजे त्यांचा आग्रह माझ्या पथ्यावरच पडला.

बैठकीचं म्हणाल तर या सगळ्या खटाटोपात सर्वांत स्वस्त आणि सर्वांत उपयोगी सुधारणा हार्डवेअरच्या दुकानातून आली. रेझिनचा मोहरा हलका, कोपर लागलं की पूर्व आघाडी कोसळते. एम-८ चा, म्हणजे आठ मिलिमीटरच्या बोल्टचा वॉशर बाहेरून १६ मिलिमीटर असतो आणि दीड मिलिमीटरच्या आसपास जाड. मोहऱ्याखाली तो सुपरग्लूने चिकटवला की वजनही येतं आणि एकसारखी बैठकही मिळते. रविवार कारंजाजवळच्या दुकानात वजनावर घेतले. जाताना लोहचुंबक न्या. स्टेनलेसचे बहुतेक वॉशर चुंबकाला धरत नाहीत आणि आपल्याला धरणारे हवेत. कारण पुढे भांडी बाजारातून चपटे डबे आणून त्यांच्या तळाशी मी चुंबकाची शीट चिकटवली. डबा हलवला तरी मोहरे एकमेकांवर घासत नाहीत, रंग उडत नाही. मोहऱ्यांची संख्या दाखवायला खेळात चिपा असतात, राखाडी एकाची आणि लाल पाचाची; त्यांच्यावर वॉशर सपाट बसतो. चळत उभी राहते.

रंगाला हात घातला तेव्हा श्रावण लागला होता. स्प्रे प्रायमर, म्हणजे रंगाआधीचं अस्तर, दमट हवेत मारला की पृष्ठभाग पिठूळ, खरखरीत होतो. पंचवटीत आमच्या नेहमीच्या मूर्तिकारांकडे गणपती ठरवायला गेले होते, तिथे हॅलोजनच्या दिव्यांसमोर मूर्ती वाळत होत्या. खिशातला जवान काढून दाखवला. ते हसले, पण हातातून सोडेनात. सांगितलं ते असं: पावसात अस्तर ब्रशनेच द्या, पातळ, दोन हात. आणि मग, "ताई, डोळे काढू नका. आखणी एवढ्या लहानात केली की माणूस दचकलेला दिसतो. कपाळाखाली सावली द्या, डोळा आपोआप येतो." मिनी रंगवण्यावरचे कितीतरी व्हिडिओ मी पाहिलेत, इतकं नेमकं कोणी सांगितलं नव्हतं.

रंग कॅमलचे ॲक्रिलिक. ते दाट असतात, पाणी घालून पातळ करावे लागतात. ब्रश ट्रिपल झिरो, म्हणजे अगदी बारीक, घेऊ नका, त्यावरचा रंग मोहऱ्यापर्यंत पोचेतो वाळतो. एक नंबरचा, टोक चांगलं असलेला घ्या. खाकी, कातडीचा रंग, बंदुकीला तपकिरी, पगडीला खाकीच पण किंचित उजळ. मग पाण्यासारखा पातळ तपकिरी रंग सर्वांगावर. तो घड्यांमध्ये जाऊन बसतो आणि अर्धं काम स्वतःच करतो. शेवटी मॅट व्हार्निश.

एका गोष्टीवर घरात वाद झाला. खाकी सैनिक सुंदर, पण रशियाचाही मातकट, अमेरिकेचाही हिरवट. चार फुटांवरून, ट्यूबलाइटखाली, कोण कोणाचा? मूळ डब्यात ब्रिटन फिकट मातकट, रशिया तपकिरी-लाल, जर्मनी काळपट, जपान नारिंगी, अमेरिका हिरवी असते, ती काही हौस म्हणून नाही. डावाच्या चौथ्या तासाला पट एका नजरेत वाचता यायला हवा, नाहीतर मिनी कितीही देखणी असो, तिची अडचणच. म्हणून वॉशरची कड मी त्या त्या सत्तेच्या मूळ रंगात रंगवली. जवान खाकी, कड मातकट. टी-३४ गडद हिरवा, कड तपकिरी-लाल. कडेची पट्टी दीड मिलिमीटरची, पण समोरच्या खुर्चीवरून ओळखू येते. दीर म्हणाला, "वहिनी, आता चष्मा न लावताही हरता येईल."

नौदलाला मी हात लावलेला नाही, आणि लावेन असं वाटत नाही. जपानची यामातो युद्धनौका २६३ मीटर लांब. १:६००० मध्येसुद्धा ती ४४ मिलिमीटरची होते, आणि जपानजवळच्या समुद्रात आधीच वाहतूक कोंडी असते. डब्यातल्या नौका तशाही बऱ्या आहेत. विमानं स्टँडवर उभी करायचा विचार होता, पण उंच स्टँड म्हणजे शर्टाच्या बाहीला आमंत्रण.

जपानचं पायदळ दिवाळीनंतर, हवा कोरडी झाली की. ते नवरा स्वतः रंगवणार आहे. नारिंगी कुठला घ्यायचा यावर त्याचं अजून ठरत नाही, तोवर भारतातले माझे तीन जवान दर फेरीला वाढताहेत.