तुम्ही विचारलंत म्हणून: साम्राज्य होतं कोणाचं?

रशियाचा विषय निघाला की मला हमखास विचारलं जातं, 'रशियन लोकांच्या रक्तातच साम्राज्य आहे का हो?' रक्ताचं मला कळत नाही. मी जेफ्री हॉस्किंग वाचायला सांगतो.

हॉस्किंग हे लंडनमध्ये रशियाचा इतिहास शिकवलेले ब्रिटिश इतिहासकार. १९९७च्या 'रशिया: पीपल अँड एम्पायर' या पुस्तकात ते म्हणतात की १५५२मध्ये झार इव्हान चौथ्याने व्होल्गाकाठचं तातारांचं कझान राज्य घेतलं, तेव्हापासून साम्राज्याचा खर्च रशियन खेड्यांनी भरला, करातून आणि सैन्यभरतीतून. त्यात रशियन लोकांचं राष्ट्र म्हणून घडणं राहूनच गेलं. वर फ्रेंच बोलणारे उमराव, खाली भूदास, म्हणजे जमीनदाराच्या जमिनीला बांधलेले शेतकरी. दोघांना जोडू शकलं असतं ते चर्च, तर १७२१मध्ये झार पीटरने त्याचं जवळजवळ सरकारी खातं करून टाकलं.

मला हे पटतं ते सनावळीमुळे. रशियन साम्राज्यातल्याच एस्टोनियातल्या भूदासांची सुटका १८१६मध्ये झाली (जमीन मात्र मिळाली नाही). रशियन भूदासांना १८६१ उजाडावं लागलं. झारच्याच ताब्यातल्या पोलंडला त्याने १८१५मध्ये राज्यघटना दिली, पुढे उठाव झाल्यावर काढूनही घेतली. खुद्द रशियनांना निवडून आलेली ड्यूमा (संसद) मिळाली १९०६मध्ये, आणि तीही अडीच महिन्यांत बरखास्त! सत्ताधारी म्हणवणाऱ्या लोकांचा नंबर असा शेवटी लागलेला मला तरी दुसरीकडे चटकन आठवत नाही.

सोव्हिएत काळावरच्या 'रूलर्स अँड व्हिक्टिम्स'मध्ये (२००६) हाच धागा पुढे जातो. युक्रेन, जॉर्जिया या सोव्हिएत प्रजासत्ताकांना आपापला कम्युनिस्ट पक्ष आणि विज्ञान अकादमी होती. रशियन प्रजासत्ताकाला १९९०पर्यंत वेगळा पक्षच नव्हता. त्याच वर्षी १२ जूनला या प्रजासत्ताकाने आपलं सार्वभौमत्व जाहीर केलं, तेही मॉस्कोत बसून, मॉस्कोतल्याच केंद्रसत्तेसमोर.

इथे मात्र मी जरा सावध होतो. १९३२-३३च्या दुष्काळात रशियन शेतकरीही मेले, पण युक्रेन आणि कझाकस्तानवरचा घाव फार खोल होता. १९४४मध्ये क्रिमियातले तातार तर सगळेच्या सगळे हद्दपार झाले. हॉस्किंगनी शीर्षकात 'राज्यकर्ते' आणि 'बळी' हे दोन्ही शब्द ठेवलेत. आजच्या रशियन राजकारणात त्यातला दुसराच तेवढा उचलला जातो, आणि युक्रेनवरच्या हल्ल्याचं समर्थन करतानाही तोच पुढे केला जातो. तेव्हा पुस्तक जरूर वाचा, पण एखादं युक्रेनियन इतिहासकाराचं पुस्तकही सोबत असू द्या.