सहाच चित्रपट, तरी ली चांग-डोंगच का?

कोरियन चित्रपटांविषयी बोलणे निघाले की मी ली चांग-डोंग यांचे नाव घेतो, आणि समोरचा हमखास विचारतो, ‘१९९७ ते २०१८ या काळात जेमतेम सहा पूर्ण लांबीचे चित्रपट केलेल्या माणसाचे एवढे काय कौतुक?’ तुम्हीही तेच विचारलेत, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

ली मूळचे कथाकार. शाळेत शिकवत, कथा-कादंबऱ्या लिहीत त्यांची उमेदीची वर्षे गेली. दिग्दर्शक पार्क क्वांग-सू यांच्यासाठी दोन पटकथा लिहिल्यानंतर, चाळिशी उलटल्यावर, ते ‘ग्रीन फिश’द्वारे दिग्दर्शनात उतरले. पुढे २००३-०४ मध्ये ते देशाचे संस्कृतिमंत्रीही होते, पण माझ्या उत्तरात त्या पदाला फारशी जागा नाही.

‘पेपरमिंट कँडी’ पाहा. सुरुवातीलाच एक उद्ध्वस्त माणूस रेल्वेच्या पुलावर चढून, समोरून येणाऱ्या गाडीकडे तोंड करून ‘मला परत जायचे आहे’ असे ओरडतो, आणि तिथून गोष्ट १९९९ पासून १९७९ पर्यंत मागे मागे जाते. दोन प्रकरणांच्या मध्ये रुळांचे दृश्य येते. गाडी पुढे चालली आहे असे वाटत असतानाच गळालेल्या पाकळ्या पुन्हा फांदीवर चढताना दिसतात. १९८४ मध्ये त्याची पहिली प्रेयसी त्याच्या हातांत चांगुलपणा पाहते, तेव्हा पोलीस झालेल्या त्याने त्याच हातांनी नुकताच एका कैद्याचा छळ केलेला असतो. आणि त्याही मागे, मे १९८० मध्ये, ग्वांगजू शहरातला लोकशाहीसाठीचा उठाव लष्कर चिरडत असताना, सैनिक म्हणून त्याच्या हातून एक मुलगी मारली गेलेली असते. आपण आधी त्याचा तिटकारा करतो आणि मग तो असा का झाला हे कळत जाते. हा क्रम मला कादंबरीकाराचाच वाटतो.

‘पोएट्री’ला २०१० मध्ये कान महोत्सवात पटकथेचा पुरस्कार मिळाला. नातवाचा एका मुलीवरील अत्याचारात सहभाग होता हे समजलेली, स्वतःची स्मृती हरवत चाललेली आजी त्यात कवितेच्या वर्गाला जाते. ‘तुम्ही सफरचंद खरे पाहिलेलेच नाही,’ असे शिक्षक सांगतात, म्हणून ती घरी सफरचंद हातात फिरवून निरखते, शेवटी ते पाहण्यापेक्षा खाण्यासाठीच बरे असे म्हणून सोलते आणि खाते. कविता तिला तिथे सुचत नाही; ती येते तेव्हा आत्महत्या केलेल्या त्या मुलीसाठी येते.

यानंतरचा ‘बर्निंग’ यायला आठ वर्षे लागली, आणि मला ती लांबली असे कधी वाटले नाही.