कॉरिडॉरमधला फोटो
आज पत्रकारितेच्या वर्गात पोरांना इराणी पत्रकार निलूफर हामेदीनं तेहरानच्या कसरा हॉस्पिटलात काढलेला फोटो दाखवला. सप्टेंबर २०२२. हिजाबवरून पोलिसांनी पकडलेली आणि कोठडीनंतर मेलेली तरुणी महसा अमिनी, तिच्या घरची दोन माणसं एकमेकांना घट्ट धरून उभी. बस्स, एवढंच. मागच्या बाकावरची पोरगी म्हणाली, "सर, यात अटक करण्यासारखं काय आहे?" काय सांगणार, कप्पाळ!

हामेदी 'शर्घ' या वृत्तपत्राची. दुसरी पत्रकार इलाहे मोहम्मदी 'हम-मीहन' वृत्तपत्राची, ती महसाच्या गावी, सक्केझला, तिचा दफनविधी कव्हर करायला गेलेली. दोघींना आत टाकलं. शिक्षा १३ आणि १२ वर्षं. जानेवारी २०२४मध्ये जामिनावर सुटल्या, तर उघड्या डोक्यानं फोटो काढले म्हणून लगेच नवी केस.

आमची पोरं बाइट (कॅमेऱ्यासमोरची प्रतिक्रिया) मिळाला नाही की कुरकुरतात. (मीही कुरकुरायचो.)

प्रोजेक्टर बंद करायला शिपाईमामा आले. पडद्याकडे बघत म्हणाले, "कोण वारलं हो यांचं?"