ग्रीसचे डोंगर रिकामे कसे झाले

ग्रीस म्हटलं की आपल्याकडे लोकांना आठवतात ती बेटं, निळा समुद्र आणि सांतोरिनीची पांढरी घरं. मी अथेन्समध्ये राहते आणि भारतातून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला एकच आग्रह करते: एखादं बेट कमी करा, पण दोन दिवस काढून एव्रितानियाला जाऊन या.

एव्रितानिया हा मध्य ग्रीसमधला, पिंदोस पर्वतरांगेच्या दक्षिण टोकाचा जिल्हा. त्याला समुद्रकिनारा नाही आणि सपाट जमीन म्हणाल तर औषधापुरती. क्षेत्रफळ सुमारे १,८७० चौरस किलोमीटर, म्हणजे बृहन्मुंबईच्या तिप्पट, आणि माणसं मात्र वीस हजारांहून कमी. ग्रीसच्या मुख्य भूमीवर इतक्या कमी लोकसंख्येचा दुसरा जिल्हा नाही. लामिया शहर मागे पडलं की रस्ता चढायला लागतो, फर वृक्षांचं दाट रान सुरू होतं आणि पुढे वेलुखी पर्वताच्या पायथ्याशी कार्पेनिसी हे जिल्ह्याचं गाव लागतं. ते वसलंय साधारण ९५० मीटर उंचीवर. वेलुखीचं शिखर २,३१५ मीटर, आपल्या कळसूबाईपेक्षा साडेसहाशे मीटरहून जास्त उंच. हिवाळ्यात तिथे बर्फावर घसरायला अथेन्सची मंडळी येतात.

पहिल्यांदा पाहणाऱ्याला वाटतं की हे डोंगर कायमच असे ओस असणार. इथे कोण कशाला राहील? तुर्की अमलाच्या काळात मात्र नेमकं उलटं चित्र होतं. सपाटीवर सुलतानाचा जमीनदार, वसुली आणि फौजफाटा, म्हणून माणसं डोंगरात वर सरकत गेली. उत्तरेकडचा आग्राफाचा भाग तर करवसुलीच्या दप्तरातच नव्हता असं सांगतात. १५२५ मध्ये तमासी इथे करार झाला आणि या गावांना स्वतःचा कारभार स्वतः पाहण्याची मुभा मिळाली. बदल्यात वर्षाला ठरावीक रक्कम भरायची. या मोकळीकीतून काय उभं राहिलं पाहा. सतराव्या शतकात येवगेनिओस यान्नुलिस या विद्वान साधूने आधी कार्पेनिसीत आणि नंतर आग्राफातल्या व्रांगियाना गावात शाळा चालवली. आज तिथे जाताना गाडीचालकही दोनदा विचार करतो, आणि त्या काळी मुलं शिकायला तिथे चढून जात होती.

स्वातंत्र्ययुद्धातही हा मुलूख मागे राहिला नाही. ऑगस्ट १८२३ मध्ये सुली प्रांताचा वीर मार्कोस बोत्सारिस याने कार्पेनिसीजवळ केफालोव्रिसो इथे, मोजक्या साथीदारांसह, रात्रीच्या अंधारात ऑटोमन फौजेच्या तळावर छापा घातला. गनिमी कावा आपल्याला कुणी समजावून सांगायला नको. छापा यशस्वी झाला, पण बोत्सारिस डोक्यात गोळी लागून पडला. त्याला मेसोलोंगीला नेऊन दफन केलं.

मला स्वतःला सगळ्यात भिडलेलं गाव म्हणजे कोरिस्खादेस. कार्पेनिसीपासून अगदी जवळ, दगडी घरांचं, नीटस. १९४४ मध्ये देश जर्मनांच्या ताब्यात होता, तरी डोंगर प्रतिकार करणाऱ्यांच्या हातात होते. याच जिल्ह्यातल्या दोम्निस्ता गावात जून १९४२ मध्ये प्रतिकार चळवळीचा सेनानी आरिस वेलुखिओतिस याने उघडपणे लढ्याची घोषणा केली होती. मार्च १९४४ मध्ये विनियानी गावात डोंगरातलं सरकार स्थापन झालं, एप्रिलमध्ये चोरून निवडणूक झाली, आणि मे महिन्यात निवडून आलेले प्रतिनिधी कोरिस्खादेसच्या शाळेत राष्ट्रीय परिषदेसाठी जमले. देशपातळीवरच्या मतदानात ग्रीक बायकांनी पहिल्यांदा मत दिलं ते या निवडणुकीत. अधिकृतपणे पूर्ण मताधिकार मिळायला त्यांना १९५२ साल उजाडलं! आता त्या शाळेत संग्रहालय आहे. खोल्यांमधून फिरताना मला राहून राहून वाटत होतं, रस्ते धड नसताना, घरात खायला नसताना ही माणसं कायदे करत बसली होती. याची किंमतही मोजावी लागली: त्याच ऑगस्टमध्ये जर्मनांनी कार्पेनिसी जाळलं आणि प्रुसोसचा प्राचीन मठही.

इथून पुढे डोंगर रिकामे व्हायला लागले. महायुद्ध संपलं आणि सरकार व कम्युनिस्ट बंडखोर यांच्यात यादवी पेटली. बंडखोरांना गावांतून भाकरी आणि माणसं मिळू नयेत म्हणून सरकारी सैन्याने ठिकठिकाणी डोंगरी गावं खाली करवली, लोकांना शहरांच्या कडेला आणून ठेवलं. जानेवारी १९४९ मध्ये बंडखोरांनी कार्पेनिसी जिंकून काही आठवडे ताब्यात ठेवलं होतं. लढाई संपल्यावर बरेच जण परतलेच नाहीत. कुणी अथेन्समध्ये, कुणी अमेरिकेत, कुणी जर्मनीच्या कारखान्यांत पोट भरायला गेलं.

जे राहिले त्यांच्यावर निसर्गानेही घाला घातला. मेगालो खोरिओ गावच्या चौकातल्या कॉफीच्या दुकानात एका आजोबांनी मला समोरच्या डोंगराकडे बोट करून दाखवलं. हेलिदोना डोंगराच्या उतारावर झाडीमधून एक मोठा ओरखडा खाली आल्यासारखा दिसतो. तिथे मिक्रो खोरिओ होतं. १३ जानेवारी १९६३ ला डोंगराचा कडा सुटला आणि गावाचा मोठा भाग मातीखाली गेला. तेरा माणसं दगावली. उरलेल्यांसाठी दुसरीकडे नवं गाव वसवलं. आजोबांनी कॉफीचा कप बाजूला सरकवला आणि टेबलावर बोटाने आखून दाखवलं: इथे चर्च, इथे चौक, इथून माती आली. माळीणच्या बातम्या पाहिलेल्या मला पुढचं विचारवेना.

आणि मग क्रेमास्ता. अखेलोस नदीवर, जिल्ह्याच्या नैऋत्य सीमेवर, १६० मीटर उंचीचं मातीचं धरण बांधलं आणि १९६५ मध्ये पाणी साठवायला सुरुवात झाली. अनेक गावं, मळे, जुने रस्ते बुडाले. ग्रीसमधला हा सर्वांत मोठा कृत्रिम तलाव. ५ फेब्रुवारी १९६६ ला, तलाव भरत असतानाच, इथे सहा रिश्टरहून मोठा भूकंप झाला. हे वाचलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला, कारण माझं माहेर पाटणचं. ११ डिसेंबर १९६७ ची कोयनेची पहाट आमच्या घरात आजीच्या तोंडून इतक्यांदा ऐकलीय की ती मी पाहिली असावी असंच वाटतं. धरणाच्या पाण्याने होणाऱ्या भूकंपांचा अभ्यास करणारे जगभरचे शास्त्रज्ञ क्रेमास्ता आणि कोयना ही दोन नावं बरेचदा एकत्र घेतात. तिकडच्या वीजगृहाचा फायदा शहरांना आणि जमीन गेली डोंगरातल्यांची, हेही आपल्याला नवीन नाही. क्रेमास्ताच्या पाण्याखाली गेलेल्यांच्या पदरात काय पडलं, हे मला अजून नीट शोधायचंय.

उन्हाळा सरता सरता तलावाची पातळी उतरली की आग्राफिओतिस नदीवरचा सतराव्या शतकातला मानोलिसचा पूल वर येतो. एकच दगडी कमान, वर्षातले बरेच महिने पाण्यात, तरी शाबूत. माझ्या नशिबाने मी गेले तेव्हा तो अर्धा उघडा होता. दगडांवर वाळलेल्या गाळाचा फिकट थर होता आणि कमानीच्या सांध्यांत शिंपले अडकले होते.

आज वाद आहे तो पवनचक्क्यांचा. आग्राफाच्या धारांवर त्या उभारायचे प्रस्ताव आले आणि स्थानिकांनी, गिर्यारोहकांनी जोरदार विरोध केला. स्वच्छ वीज हवी, यात शंका नाही. तरीही माझं मत विरोध करणाऱ्यांच्या बाजूने आहे. देशाच्या गरजेसाठी या डोंगरांनी एकदा आपली खोरी दिली आहेत. या वेळी निदान निर्णयाच्या टेबलावर गावकऱ्यांना जागा हवी.

जायचंच असेल तर अथेन्सहून कार्पेनिसीला थेट एसटीसारखी बस जाते, पण पुढच्या गावांसाठी गाडी भाड्याने घेतलेलीच बरी. ट्राउट मासा आणि कार्पेनिसीचं खारवलेलं, वाळवलेलं डुकराचं मांस प्रसिद्ध आहे. शाकाहारी मंडळींनी रानभाज्यांची पाई मागावी. गर्दी आणि जत्रा पाहायची असेल तर २३ ऑगस्टच्या सुमारास प्रुसोसच्या मठात जा, तेव्हा परदेशी गेलेली कुटुंबंही गावी आलेली असतात. आणि निघण्याआधी अथेन्समधल्या बायझंटाइन संग्रहालयात थोडा वेळ काढाच. क्रेमास्तात बुडालेल्या एपिस्कोपी गावच्या चर्चमधली भित्तिचित्रं पाणी चढण्याआधी भिंतींवरून सोडवून तिथे आणली आहेत. वेगवेगळ्या शतकांत एकावर एक रंगवलेले थर जाणकारांनी अलग केले आहेत, आणि ते सगळे आता शेजारी शेजारी पाहता येतात.