मारेकऱ्यांना शिक्षा झाली का?

मी स्पॅनिश शिकवते. दर बॅचला चिलीचा गायक व्हिक्टर हारा याचं एक गाणं ऐकवते. ऐकून झालं की कुणीतरी विचारतंच, "मॅडम, याला ज्यांनी मारलं त्यांना शिक्षा झाली का?" वेळ संपत आलेली असते, मी "हो, झाली" म्हणून वही मिटते. तुम्ही परवा जिन्यात गाठून पुन्हा विचारलंत, म्हणून नीट सांगते.

11 सप्टेंबर 1973ला चिलीत लष्कराने सत्ता बळकावली. हारा सांतियागोच्या तंत्र विद्यापीठात शिकवायचा. दुसऱ्या दिवशी सैनिकांनी तिथल्या सगळ्यांना धरून एका बंदिस्त स्टेडियममध्ये कोंडलं. तिथे त्याला ओळखलं गेलं. आधी छळ, मग गोळ्या. अंगावर 44 जखमा. त्याचे हात तोडले असं अजून सांगतात, ते खरं नाही. हात मोडलेले होते, पण जागेवर होते. बायकोने, जोनने, शवागारात प्रेतांच्या गर्दीतून त्याला ओळखलं आणि मोजक्या माणसांत गुपचूप पुरलं. चारचौघांत अंत्ययात्रा निघाली ती थेट डिसेंबर 2009मध्ये, पुरलेलं पुन्हा उकरून तपासल्यावर. रस्त्यावर हजारो लोक होते.

आता शिक्षेचं. ज्याच्यावर मुख्य आरोप, तो लेफ्टनंट पेद्रो बारियेन्तोस फ्लोरिडात जाऊन अमेरिकेचा नागरिक होऊन बसला होता. जोनने आणि मुलींनी तिथेच दावा लावला. 2016मध्ये ज्यूरीने त्याला जबाबदार धरून 2 कोटी 80 लाख डॉलर भरपाई ठरवली. पण दावा दिवाणी. निकाल लागला आणि गडी घरी गेला!

चिलीत सात निवृत्त लष्करी अधिकाऱ्यांची शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने कायम केली ती ऑगस्ट 2023मध्ये. बहुतेकांना 25 वर्षं. त्यातल्या एकाने, वय 86, पोलीस न्यायला आल्यावर जीव दिला. बाकीचेही सत्तरी-ऐंशी ओलांडलेले. पंचवीस वर्षं कोण भोगणार?

बारियेन्तोसचं नागरिकत्वही त्याच वर्षी गेलं, लष्करातली नोकरी लपवली म्हणून. 1 डिसेंबर 2023ला त्याला विमानात बसवून चिलीला पाठवलं. जोन 96 वर्षांची होऊन 12 नोव्हेंबरला गेली होती. मध्ये एकोणीस दिवस.