एमएसव्हीसीपी१४० सापडत नाही

सोलापुरात अक्कलकोट रोड एमआयडीसीत एका टॉवेलच्या कारखान्यात मी डिझाइन बघतो. जेकार्डवर, म्हणजे नक्षी विणणाऱ्या मागावर, उमटणारी फुलं, हॉटेलांची नावं, सगळं आधी माझ्या पीसीवर. जुना पीसी धापा टाकायला लागला म्हणून अण्णांनी, म्हणजे आमच्या मालकांनी, नवा घेतला. सॉफ्टवेअरची सीडी काही सापडेना. मग मी अख्खा फोल्डरच पेनड्राइव्हवर उचलून नव्या पीसीत टाकला.

डबल क्लिक केलं तर खिडकी आली: एमएसव्हीसीपी१४०.डीएलएल सापडत नाही. ओके दाबलं की दुसरी: व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल.

नाही तर नाही, आणू की! कुठल्यातरी साइटवरून दोन्ही फाइली उतरवल्या. (हे करू नका. अनोळखी साइटवरच्या फाइलीतून काय घरात येईल याचा भरवसा नाही. मला तेव्हा घाई होती.) विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकल्या. तरी तेच रडगाणं. मग सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्येच टाकल्या, तर संदेशच बदलला: ०xc०००००७b. मला वाटलं, चला, पुढे तर सरकलो.

संध्याकाळी भाच्याला फोन लावला. तो पुण्यात इंजिनिअरिंगला आहे.

"मामा, तुम्ही फाइली शोधत बसू नका. त्या ज्या पॅकेजातून येतात ते टाका."

डीएलएल म्हणजे काय ते त्याला विचारलं. त्याने सांगितलेलं मी माझ्या भाषेत लावून घेतलं. आपल्याकडे छोटे कारखानदार सूत रंगवायला स्वतःचं डाईंग थोडंच काढतात? चार-पाच जण एकाच डाईंगवाल्याकडे सूत पाठवतात. डीएलएल तसंच. नेहमी लागणारा कोड प्रत्येक सॉफ्टवेअरने आपल्या पोटात बाळगायचा नाही, एका फाइलीत ठेवायचा आणि सगळ्यांनी तिथून वापरायचा. जागा वाचते आणि दुरुस्ती एकाच ठिकाणी होते. पण डाईंग बंद पडलं की सगळ्यांचे माग उभे.

माझ्या त्या दोन फाइली मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल नावाच्या पॅकेजातल्या. १४० म्हणजे आवृत्ती १४. २०१५ पासून २०२२ पर्यंतच्या व्हिज्युअल स्टुडिओत बनलेल्या सॉफ्टवेअरना हाच आकडा चालतो. जुन्या पीसीवर सॉफ्टवेअर रीतसर इन्स्टॉल करताना ते पॅकेज गुपचूप बसलं होतं, सॉफ्टवेअरच्या फोल्डरबाहेर. मी फोल्डर आणला, डाईंग तिथेच राहिलं.

मायक्रोसॉफ्टच्या साइटवर पॅकेज फुकट मिळतं, पण एक्स८६ (३२ बिटचं) आणि एक्स६४ (६४ बिटचं) वेगवेगळं. विंडोज ६४ बिटचं म्हणून मी एक्स६४ टाकलं. पुन्हा तोच ७b वाला संदेश.

इथे माझी अर्धी रात्र गेली. पाहायचं विंडोज किती बिटचं ते नव्हतंच, सॉफ्टवेअर किती बिटचं ते होतं. जुना पीसी कसाबसा चालू करून टास्क मॅनेजर उघडला, तर सॉफ्टवेअरच्या नावापुढे कंसात ३२ बिट. शिवाय तो फोल्डर तिथे प्रोग्राम फाइल्स एक्स८६ मध्येच होता, मीच त्यातून उचलला होता! ३२ बिटचं सॉफ्टवेअर ६४ बिटची डीएलएल घेऊच शकत नाही, ७b त्याच भांडणाचा. आणि नावांचा घोळ असा की सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइली असतात, ३२ बिटच्या सिसवाऊ६४ मध्ये. नाव ठेवणाऱ्याला कोपरापासून नमस्कार.

एक्स८६ पॅकेज टाकलं. रीस्टार्ट केलं. तरीही ७b.

आता मात्र मी चिडलो. भाच्यालाही काही सुचेना, तोवर त्याने विचारलं, "त्या उतरवलेल्या फाइली कुठे आहेत?" त्या अजून सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्येच पडून होत्या. सॉफ्टवेअर डीएलएल शोधतं तेव्हा आधी आपल्याच फोल्डरमध्ये बघतं, सिस्टमकडे नंतर वळतं. योग्य फाइल सिस्टममध्ये बसली होती, पण दारातच चुकीची भेटत होती. फोल्डरमधल्या दोन्ही उडवल्या, सिस्टम३२ मधल्या माझ्या कॉपी काढून एक्स६४ पॅकेजला रिपेअर मारलं, आणि सॉफ्टवेअर एका क्लिकमध्ये उघडलं.

सकाळी अण्णांनी विचारलं, "ती हरवलेली फाइल सापडली का?"

"सापडली. पण आधी मी आणलेली काढावी लागली."

ते "बरं" म्हणाले आणि बॉर्डरचा रंग बदलायला सांगून गेले.